मनाई हुकूम हातात आहे, मग पोलीस कशाला?

बांधावरची: काल इथे एकाने लिहिलं, "दिवाणी कोर्टाचा मनाई हुकूम असताना वर पोलीस संरक्षण मागणं म्हणजे समोरच्याला दम देणं." वाचून डोकं फिरलं, म्हणून सविस्तर लिहिते. चुलत्यांनी आमच्या दोन एकरांत आडवं येऊ नये असा हुकूम झाला तेव्हा आईने गावात पेढे वाटले. मृगाचा पाऊस झाला, ट्रॅक्टर लावला, तर बांधावर चुलत्यांकडची आठ माणसं काठ्या घेऊन उभी. ठाण्यात गेले. अंमलदाराने नक्कल वाचली. "ताई, ही दिवाणी बाब. यात कोर्टाने आम्हाला काय सांगितलंय?" अदखलपात्र नोंद केली आणि घरी पाठवलं. वाफसा गेला, खरीप गेला. मग वकिलांनी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 151 खाली त्याच कोर्टात अर्ज दिला, पोलिसांनी मदत करावी असा आदेश झाला, तेव्हा कुठे ज्वारी पेरली. हुकमाचा कागद काय बांधावर राखणीला उभा राहतो?

गोठेवाला: आता दुसरी बाजू ऐका. आमच्याविरुद्ध एकतर्फी हुकूम झाला, समन्स पोचायच्या आत. दोन शिपायांच्या देखत जेसीबीने गोठा पाडला. ताबा वीस वर्षं आमचा. "आम्ही फक्त बंदोबस्ताला," म्हणाले. पुढे हुकूम उठला. गोठा कोण उभा करणार? केरळच्या मुरलीधरन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2006 मध्येच बजावलंय की पोलीस संरक्षणाच्या नावाखाली दिवाणी हक्क ठरवून घेता येणार नाहीत.

तालुका कोर्टातला: तो निकाल रिट अर्जाबद्दल आहे, म्हणजे राज्यघटनेच्या कलम 226 खाली थेट उच्च न्यायालयात केलेल्या अर्जाबद्दल. ताईंनी दिवाणी कोर्टाकडेच, त्याच कोर्टाच्या हुकमाच्या अंमलासाठी मदत मागितली. दोन्ही एका पोत्यात भरू नका. आणि मनाई हुकमाने असलेला ताबा राखायचा असतो, नवा घ्यायचा नसतो. तुमचं झालं ते बेकायदाच. बेकायदा गेलेला ताबा परत मिळवायला स्पेसिफिक रिलीफ कायद्याच्या कलम 6 खाली सहा महिन्यांत दावा लावलात का?

गोठेवाला: वकील धड भेटेपर्यंत सातवा महिना लागला होता.

गावकी: कायदा ठेवा बाजूला. सख्ख्या चुलत्यावर पोलीस आणणाऱ्या पोरीच्या दारात उद्या कोण येईल? पूर्वी लेकी हक्कसोड करून द्यायच्या, माहेर टिकायचं.

सही न केलेली: कोणाचं माहेर टिकायचं? माझ्या थोरल्या बहिणीने एका साडीवर हक्कसोडपत्र दिलं. नवरा गेल्यावर दोन पोरं घेऊन माहेरी आली, पंधरा दिवसांत भावाने "तुझं पुढचं काय ते बघ" म्हटलं. ते पाहिलं आणि मी सही केली नाही. हिंदू वारसा कायद्याच्या 2005 च्या दुरुस्तीने वडिलोपार्जित जमिनीत लेकीला मुलाइतकाच जन्माने हक्क दिला. दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी वडील हयात नसले तरी तो हक्क आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये स्पष्ट केलं.

गावकी: आणि भाऊबीज? ती बंदच झाली असेल.

सही न केलेली: मी बंद केली नाही. दर वर्षी ताट घेऊन जाते. दार तो उघडत नाही. पुन्हा माझ्या भाऊबिजेवर बोलायचं नाही.

गावकी: बरं, ते बोलायला नको होतं. पण पोलिसांचं मला पटत नाही ते नाहीच.

बांधावरची: आणि मी हिस्सा मागतच नाहीये! वाटप वडिलांच्या हयातीत झालंय, फेरफार झालाय, सातबारा वेगळा. मी माझंच रान पेरत होते. गोठेवाले, तुमचं मात्र नाइलाजाने मान्य करते: समोरच्याला ऐकल्याशिवाय पोलीस देऊ नयेत.

तालुका कोर्टातला: आणि आधी कोर्ट कमिशनर पाठवावा. ताबा कोणाचा हे तो ठरवत नाही, पण जागेवर काय उभं आहे ते लिहून आणतो. हुकूम मोडणाऱ्याला त्याच दिवाणी संहितेच्या आदेश 39 नियम 2अ खाली जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद आहेच. पण त्या अर्जावर तारखा पडत राहतात आणि पेरणी तारखेसाठी थांबत नाही.

गोठेवाला: कमिशनर आला असता तर त्याला गव्हाणी दिसल्या असत्या, उकिरडा दिसला असता. ताईंना पोलीस मिळाले ते ठीक, एवढं म्हणतो. पण पेरणीला मिळाले. काढणीला काय?

बांधावरची: पुन्हा अर्ज दिलाय. ज्वारी वाळून उभी आहे, सोमवारी तारीख आहे.