जुन्या नाट्यगीतांचं कायदेशीर डाउनलोड आणि मांडणी : मदत हवी आहे

नमस्कार मंडळी. आईसाठी ७८ आरपीएम तबकड्यांवरची नाट्यगीतं इंटरनेट आर्काइव्हवरून उतरवतोय. आपल्याकडे ध्वनिमुद्रणाचा कॉपीराइट प्रकाशनानंतर ६० वर्षं, म्हणून १९६० पूर्वीच्याच तबकड्या घेतो. पण पदांचा हक्क वेगळा, कवीच्या मृत्यूनंतर ६० वर्षं. नाटककार गो. ब. देवल १९१६ साली गेले, तिथे प्रश्नच नाही. बाकीच्यांचं तुम्ही कसं तपासता?

दुसरं म्हणजे, फायलींची नावं नुसती ‘ट्रॅक ०१’, ‘साइड बी’ अशी. एमपीथ्रीटॅगमध्ये (गाण्याच्या फायलीतली माहिती, म्हणजे टॅग, भरायचं सॉफ्टवेअर) गायक, नाटक, राग देवनागरीत भरलं, तर गाडीतल्या प्लेअरवर अक्षरांऐवजी चौकोन दिसतात. फायलीचं नाव रोमनमध्ये आणि टॅग देवनागरीत ठेवू का? आणि राग कुठल्या रकान्यात टाकता? आई गाणं रागावरूनच शोधते, त्यामुळे ते जमायलाच हवं.