तेउवो पुरो यांची कारकीर्द

फिनलंडच्या चित्रपटांचा इतिहास दिग्दर्शक एर्की कारू यांच्यापासून सुरू होतो, असे एक मत आहे. मला मात्र तेउवो पुरो यांचे नाव त्याआधी घ्यावेसे वाटते. १८८४ साली जन्मलेल्या या रंगभूमीवरील नटाने, फिनलंड रशियन साम्राज्यात असताना, १९०७ मध्ये लुई स्पारे यांच्यासह ‘सालाविनानपोल्तायात’ हा तिथला पहिला कथापट दिग्दर्शित केला. जंगलात चोरून दारू गाळणारे दोघे, दारूसाठी आलेले गिऱ्हाईक आणि अखेरीस पोलिसांची धाड, एवढेच त्याचे कथानक. तो चित्रपट आज उपलब्ध नाही, ही हानी फार मोठी आहे.

पुढे मिन्ना कान्थ यांच्या नाटकावरील पुरो यांचा ‘सिल्वी’ १९१३ मध्ये प्रदर्शित झाला. १९१९ मध्ये कारू यांच्यासोबत, पुढे सुओमी-फिल्मी म्हणून नावारूपाला आलेली कंपनी उभारण्यात पुरो होतेच. कान्थ यांच्याच नाटकावरचा, युस्सी स्नेलमन यांच्यासह केलेला ‘आन्ना-लीसा’ (१९२२) सुदैवाने टिकला आहे: नवजात बाळाच्या हत्येचे गुपित वर्षानुवर्षे पोटात ठेवलेली तरुणी त्यात सर्वांसमोर कबुली देते. पुरो यांची योग्यता जोखायची तर तो अवश्य पाहावा.