बौद्धिक दिव्यांग प्रौढ व्यक्तीची चिंता कशी मोजावी?

प्रश्न : विशेष शिक्षिका, परभणी जिल्हा

नमस्कार. मी प्रौढ बौद्धिक दिव्यांगांच्या कार्यशाळेत शिकवते. आमच्याकडील बहुतेकांचे दिव्यांगत्व सौम्य ते मध्यम स्वरूपाचे आहे. त्यांपैकी एका तरुणाचे आईवडील दिवाळीनंतर ऊसतोडीसाठी पश्चिम महाराष्ट्रात गेले आणि तो आजीजवळ राहिला. तेव्हापासून तो शर्टाची बटणे सतत ओढतो, कागदी पिशव्या चिकटवण्याचे आवडते काम मध्येच सोडून दाराशी जाऊन उभा राहतो आणि "आई कधी येणार?" हा एकच प्रश्न दिवसभर विचारत राहतो. दुपारचा डबाही तो बहुधा उघडत नाही. दिव्यांगत्व प्रमाणपत्राच्या वेळी त्याची बिने-कामत चाचणी व व्हाइनलँड सामाजिक परिपक्वता मापनी झाली होती. मात्र त्यांतून त्याची बुद्धी व दैनंदिन कौशल्ये कळतात, मनातली भीती कळत नाही. एका डॉक्टरांना दाखवले असता "अशा मुलांचे असेच असते" एवढेच उत्तर मिळाले. सर्वसाधारण लोकांसाठी असलेली चिंतेची प्रश्नावली मराठीत वाचून दाखवली, तर त्याने प्रत्येक प्रश्नाला "हो" म्हटले. या "हो"चा अर्थ कसा लावावा, आणि अशा व्यक्तीची चिंता विश्वासार्हपणे मोजण्याची काही पद्धत आहे का?

उत्तर १ : चिकित्सा मानसशास्त्रज्ञ, छत्रपती संभाजीनगर

ताई, तुम्हाला मिळालेल्या उत्तराला आमच्या क्षेत्रात निदानाची झाकोळ म्हणता येईल. व्यक्तीला बौद्धिक दिव्यांगत्व आहे एवढे कळले, की तिची प्रत्येक अडचण त्याच खात्यावर टाकली जाते आणि वेगळा मानसिक आजार नजरेआड होतो. राइस व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८२ मध्येच हे दाखवून दिले होते. तुमच्या तरुणाचे वागणे आईवडील गेल्यानंतर बदलले, ही एकच गोष्ट ते उत्तर अपुरे ठरवण्यास पुरेशी आहे, कारण त्याचे दिव्यांगत्व दिवाळीपूर्वीही होतेच.

सर्व प्रश्नांना "हो" म्हणणे ही या क्षेत्रातली जुनी आणि नीट अभ्यासलेली अडचण आहे. प्रश्न लांब किंवा अमूर्त असेल, अथवा विचारणारी व्यक्ती अधिकाराच्या जागी असेल, तर होकार देणे हाच सुरक्षित मार्ग वाटतो. म्हणून एकच गोष्ट काही वेळाने उलट बाजूने विचारावी. "रात्री भीती वाटते का?" याला आणि "रात्री शांत झोप लागते का?" यालाही "हो" आले, तर ते उत्तर मोजणीत धरू नये. "हो की नाही" ऐवजी दोन-तीन पर्याय द्यावेत, पण त्यांचा क्रम बदलत राहावा, कारण पुष्कळ जण शेवटी ऐकलेला पर्यायच उचलतात.

बौद्धिक दिव्यांगांसाठीच तयार केलेली ग्लासगो चिंता मापनी मिंडहॅम आणि एस्पी यांनी २००३ मध्ये प्रसिद्ध केली. तिच्यात २७ विधाने आहेत. काळज्या, विशिष्ट भीती आणि शारीरिक लक्षणे असे तिचे तीन भाग आहेत. उत्तर "कधीच नाही", "कधी कधी" की "नेहमी" एवढेच द्यायचे असते. ती सौम्य ते मध्यम दिव्यांगत्व असलेल्यांना समोर बसून विचारायची आहे, म्हणजे तुमच्या तरुणाला लागू पडेल. तीन पर्यायांसाठी मी स्टीलचे तीन पेले ठेवतो: एक रिकामा, एक अर्धा भरलेला, एक काठोकाठ. "गेल्या आठवड्यात" हा शब्दप्रयोगही पुष्कळांना समजत नाही, म्हणून "मागच्या बाजारापासून आजपर्यंत" असे विचारतो. मात्र त्या बाजाराला ती व्यक्ती खरोखर गेली होती ना, हे आधी पाहतो. मूळ मापनीचा सीमांक, म्हणजे ज्या गुणांपासून चिंता जास्त मानतात तो आकडा, आपल्याकडे जसाच्या तसा वापरू नये. तो परक्या भाषेतल्या, निराळ्या जीवनमानातल्या लोकांवरून ठरला आहे.

यासोबत काळजीवाहकाने भरायची मापनीही असावी. चिंता, नैराश्य आणि मनःस्थिती यांविषयीची २८ विधानांची एक मापनी त्यासाठी वापरली जाते. दोन्हींचे निकाल अनेकदा जुळत नाहीत आणि त्यात नवल नाही, कारण आजीला येरझाऱ्या दिसतात, "आईला तिकडे काही झाले तर?" हा विचार दिसत नाही.

मात्र कोणतीही मापनी भरण्याआधी शरीर तपासून घ्यावे, हे मी आग्रहाने सांगेन. दातदुखी, कानदुखी, बद्धकोष्ठता, थायरॉइडचा त्रास, दम्याच्या औषधाने होणारी धडधड, हे सारे बाहेरून चिंतेसारखेच दिसू शकते, आणि जो डबा उघडत नाही त्याची दाढ दुखत नाही ना, हे पाहायला पाच मिनिटेही लागत नाहीत.

उत्तर २ : एक पालक, अंबाजोगाई

माझ्या मुलीला डाउन सिंड्रोम आहे आणि ती मोजकेच शब्द बोलते, त्यामुळे वरील प्रश्नोत्तरांची पद्धत तिच्या उपयोगाची नाही. ती एसटीत चढायला नकार देते, तेव्हा लोकांना तो हट्ट वाटतो. तिचे तळवे घामाने ओले झालेले असतात आणि ती पुन्हा पुन्हा लघवीला जाते, हे फक्त आम्हा घरच्यांना ठाऊक असते. बोलता न येणाऱ्यांच्या बाबतीत मापनी कोण भरतो यावरच सगळे अवलंबून असते. मॅडम, त्या आजींना कागद देऊ नका. त्यांच्या घरी जाऊन बसा आणि पोरगा रात्री उठून बसतो का, कोणत्या आवाजाने दचकतो, पूर्वी असे करायचा का, हे विचारा. "पूर्वी"चे उत्तर त्यांच्याशिवाय कोणाजवळही नाही.

उत्तर ३ : संशोधक विद्यार्थिनी, नांदेड

ग्लासगो मापनीच्या मराठी अनुवादाबाबत थोडेसे. मूळ लेखकांची परवानगी घ्यावी, मराठी मसुदा दुसऱ्या व्यक्तीकडून उलट इंग्रजीत करून ताडून पाहावा, आणि मग काही बौद्धिक दिव्यांग व्यक्तींना प्रत्येक विधानातून काय समजले ते त्यांच्याच शब्दांत सांगायला लावावे. ही शेवटची पायरी बहुतेक जण गाळतात, आणि खरे दोष तिथेच सापडतात.

आणखी एक. मानसिक आरोग्य सेवा अधिनियम, २०१७ मधील मानसिक आजाराच्या व्याख्येतून बौद्धिक दिव्यांगत्व वगळले आहे. त्यावरून कोणी "यांच्यावर इथे उपचार होत नाहीत" असे म्हटले, तर ते मान्य करू नका. बौद्धिक दिव्यांग व्यक्तीला जडलेला चिंताविकार हा स्वतंत्र आजार आहे. टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य मदतवाहिनीच्या १४४१६ या क्रमांकावरही सल्ला मिळतो.

प्रश्नकर्ती

सर्वांचे मनःपूर्वक आभार. हंगाम संपल्यावर, साधारण मार्च-एप्रिलमध्ये त्याचे आईवडील परततील. आत्ता एक मोजणी आणि ते आल्यानंतर दुसरी, अशी तुलना करता येईल का?

चिकित्सा मानसशास्त्रज्ञ

अवश्य करावी. एखाद्या आकड्यापेक्षा त्याच माणसातला बदल अधिक बोलका असतो. आजपासून बटणे ओढणे, दाराशी जाणे आणि डबा न खाणे, या तीनच गोष्टी रोज ठरलेल्या एका तासात किती वेळा घडतात त्याची नोंद ठेवा आणि नोंद करणारी व्यक्ती शक्यतो बदलू नका. परंतु मदत मार्चपर्यंत थांबवू नये. आईचा फोन रोज ठरलेल्या वेळी यावा, आणि परतण्याचा महिना त्याला कॅलेंडरवर दाखवून गेलेला प्रत्येक दिवस त्याच्याच हाताने खोडू द्यावा; नेमकी तारीख मुकादमाकडून पक्की कळल्याशिवाय सांगू नये. दर आठवड्याला वजन करा, आणि ते उतरू लागले तर मोजणी पूर्ण होण्याची वाट न पाहता त्याला वैद्यकीय महाविद्यालयाच्या मनोविकार विभागात घेऊन जा.