माहेरच्या मोगऱ्याची रोपं करायची आहेत. फांद्या आता लावू की पावसाळ्यात?

धुळेकरीण: पारोळ्याला माहेरच्या अंगणात जुना हजारी मोगरा आहे. दिवाळीनंतर घराचं बांधकाम निघतंय, त्यात तो जाणार. चार-पाच रोपं तरी करून ठेवायची आहेत. एप्रिल चाललाय, आताच फांद्या आणू का? शेतातली काळी माती चालेल? नर्सरीतलं रोप सुचवू नका, मला हाच मोगरा हवा आहे.

भुसावळचा माळी: ताई, आता नको. मे महिन्यात आपल्याकडे पारा ४५ च्या घरात जातो. फांदीला मुळं नसतात आणि पानांतून पाणी उडत राहतं, त्यामुळे मुळं फुटायच्या आत ती वाळते. मृगाचे दोन-तीन चांगले पाऊस होऊ द्या. मग ना कोवळी ना जून, अशी पेन्सिलीपेक्षा बारीक फांदी घ्या, चार-पाच इंच, तीन-चार डोळ्यांची (डोळा म्हणजे फांदीवर पान फुटतं तो सांधा). खालचा काप डोळ्याच्या लगेच खाली घ्या, मुळं तिथेच फुटतात. वरची दोन पानं ठेवा, तीही अर्धी कापून. कळ्या खुडा.

काळी माती मात्र बिलकुल नको. पाणी धरून ठेवते, फांदी बुडाशी काळी पडून कुजते. धुतलेली जाड वाळू आणि कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा) निम्मं-निम्मं घ्या.

चोपडेकर: मुळं फुटायची पावडर मिळाली तर लावा, नाही मिळाली तरी मोगरा फुटतो. वरून पारदर्शक पिशवी घाला, पण कुंडी सावलीतच हवी. उन्हात पिशवीच्या आत फांदी शिजते. महिना-दीड महिना लागतो, तोवर मुळं आली का म्हणून उपटून बघू नका.

नंदुरबारहून: झाड एकच आणि ते जाणार, तर नुसत्या छाट कलमावर, म्हणजे फांदी तोडून लावण्यावर, विसंबू नका. दाब कलमही करा, माझ्या मते तेच जास्त खात्रीचं. जमिनीलगतची लांब फांदी वाकवायची, एका डोळ्याखाली साल थोडी खरवडायची, तो भाग मातीत दाबून वर वीट ठेवायची. शेंडा बाहेर राहू द्या. मुळं फुटेपर्यंत फांदी मूळ झाडावरच जगते, म्हणून वाळायची भीती कमी. हेही पावसातच करा. नवी पालवी जोरात आली की मूळ झाडापासून तोडून कुंडीत लावा.

धुळेकरीण: दोन्ही करते दादा. वहिनीला आजच फोन करून सांगते, जमिनीलगतच्या फांद्या छाटू नको म्हणून.