साडेचार वर्षांचा मुलगा रात्री अकरापर्यंत चुळबुळत राहतो. त्याला शांतपणे कसे झोपवावे?

प्रश्न : निशिगंध

माझा मुलगा साडेचार वर्षांचा असून ज्युनियर केजीत जातो. डोंबिवलीत वन बीएचके घरात आम्ही दोघे, सासूबाई आणि तो असे चौघे राहतो. रोज रात्री नऊ वाजता मी त्याचे अंथरूण घालते, परंतु त्यानंतरचे दोन तास त्याला पाणी हवे असते, शू लागते, आणखी एक गोष्ट ऐकायची असते किंवा आजीच्या शेजारी जाऊन झोपायचे असते. पडल्या पडल्या तो सारखी कूस बदलतो, पाय झाडतो, भिंतीला पाय लावून उलटा होतो. अकराच्या सुमारास कशीबशी झोप लागते आणि सकाळी पावणेसातला उठवताना रडारड होते. शाळा सुटल्यावर तो थेट पाळणाघरात जातो, तेथेच जेवतो आणि अडीच ते पाच झोपतो. रविवारी आम्ही त्याला साडेनऊपर्यंत झोपू देतो. माझे यजमान साडेनऊच्या सुमारास घरी पोहोचतात आणि दारातला त्यांचा आवाज ऐकताच तो ताडकन उठून बसतो.

दुधात जायफळ उगाळून द्यावे असे सासूबाई सुचवतात, तर शेजारच्या काकूंनी सर्दीचे औषध अर्धा चमचा देण्यास सांगितले. मला यांपैकी काहीही मनापासून पटत नाही. हे अतिचंचलतेचे लक्षण असेल का, आणि रात्रीच्या वेळापत्रकात नेमके काय बदलावे, याविषयी जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.

उत्तर : शुभ्रकळी

निशिगंधताई, आमच्या मुलीच्या बाबतीत सर्वांत जास्त फरक घरातल्या उजेडाने पडला. दिवाणखान्यातली ट्यूबलाइट, टीव्ही आणि हातातला मोबाइल हे तिन्ही रात्री साडेआठनंतर आम्ही बंद करू लागलो आणि स्वयंपाकघरात एक पिवळा दिवा तेवढा चालू ठेवला. लहान मुलांचे डोळे उजेडाला मोठ्यांपेक्षा पुष्कळच संवेदनशील असतात. कोलोरॅडो विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१८ मध्ये तीन ते पाच वर्षांच्या मुलांना झोपेपूर्वी तासभर प्रखर प्रकाशात बसवून पाहिले, तेव्हा झोपेची वेळ झाल्याचे शरीराला कळवणारे मेलाटोनिन हे संप्रेरक सुमारे ८८ टक्क्यांनी घटले आणि दिवे मंद केल्यावरही बराच वेळ ते पूर्ववत झाले नाही. सासूबाईंची मालिका त्याच वेळी असेल तर हा बदल घरात सामोपचाराने करावा लागेल, हे मी जाणते. शिवाय शक्य असल्यास मुलगा यजमान घरी येण्यापूर्वीच झोपलेला असावा.

उत्तर : पांथस्थ

मी बालरोग विभागात परिचारिका म्हणून काम करते, त्यामुळे थोडे सविस्तर लिहिते. आपण दिलेल्या वेळा प्रथम एकत्र मांडून पाहू. रात्री अकरा ते सकाळी पावणेसात ही पावणेआठ तासांची झोप झाली आणि दुपारची अडीच तास मिळवली की ती सव्वादहा तास होते. जागतिक आरोग्य संघटनेने २०१९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या मार्गदर्शक सूचनांत तीन ते चार वर्षांच्या मुलांसाठी दुपारच्या झोपेसह १० ते १३ तासांची झोप सांगितली आहे. म्हणजे आपल्या मुलाची एकूण झोप काठावरची असली तरी फार कमी नाही. तिचा मोठा वाटा दुपारी संपत आहे. संध्याकाळी पाचला उठलेल्या मुलाच्या शरीरात रात्री नऊपर्यंत झोपेची पुरेशी ओढच निर्माण होत नाही. त्यात नैसर्गिक झोपेच्या आधीचे दोनएक तास हे शरीराच्या घड्याळानुसार दिवसातले सर्वांत तरतरीत तास असतात आणि आपण त्याला नेमके त्याच तासांत अंथरुणावर ठेवत आहात. त्याच्या चुळबुळीचे हे मला सर्वांत मोठे कारण वाटते. असे रोज घडत राहिले की अंथरूण म्हणजे जागे राहून कंटाळण्याची जागा, अशी मुलाची समजूत होते आणि मग खरोखर दमलेला असला तरी तो तेथे गेल्यावर जागा होतो.

म्हणून काही दिवस त्याला नऊ वाजता झोपवायला नेऊ नये, असे मी सुचवेन. हे वाचून विचित्र वाटेल. सध्या त्याला अकराला झोप लागते, तर पावणेअकरापर्यंत त्याने मंद उजेडात जागे राहावे, चित्रांचे पुस्तक पाहावे, आजीला घड्या घालायला मदत करावी आणि मगच अंथरुणावर जावे. पडल्यावर पंधरा-वीस मिनिटांत झोप लागू लागली की दर दोन-तीन दिवसांनी ही वेळ पंधरा मिनिटे अलीकडे आणावी आणि कोठे पुन्हा चुळबुळ सुरू झाली तर तेथेच थोडे थांबावे. सकाळी उठण्याची वेळ मात्र या सर्व काळात हलू देऊ नये. पाळणाघरातल्या ताईंशी बोलून दुपारची झोप एक वाजता सुरू करून पाऊण ते एक तासातच संपवता आली, तर ही वेळ साडेनऊपर्यंत मागे येण्यास अडचण येऊ नये. संध्याकाळी त्याला मोकळ्या जागेत धावू द्यावे. त्याच मार्गदर्शक सूचनांत या वयासाठी दिवसभरात १८० मिनिटांची हालचाल आणि त्यातली किमान ६० मिनिटे दमवणारी असावीत, असे म्हटले आहे. शाळा, पाळणाघर आणि घर या तीन बंद खोल्यांत दिवस काढणाऱ्या मुलाला ती मिळत नाहीत.

सर्दीचे औषध मुळीच देऊ नये. त्यातल्या क्लोरफेनिरामाइनसारख्या घटकाने काही मुलांना गुंगी येते, तर काही मुले उलट अधिकच अस्वस्थ होतात. क्लोरफेनिरामाइन आणि फेनिलेफ्रिन यांचे मिश्रण चार वर्षांखालील मुलांना देऊ नये, अशी सूचना औषधाच्या वेष्टनावर छापण्याचा आदेश भारताच्या औषध नियंत्रकांनी डिसेंबर २०२३ मध्ये दिला होता. आपला मुलगा त्या वयाच्या पुढे गेला असला तरी झोपवण्यासाठी औषध हा मार्गच चुकीचा आहे. जायफळाविषयी सासूबाईंचा मान राखून एवढेच सांगावे की सहाणेवर उगाळलेले किती पोटात गेले हे मोजता येत नाही, आणि जास्त झाल्यास मळमळ, छातीत धडधड व गुंगी येते.

अतिचंचलतेचे निदान केवळ रात्रीच्या वागण्यावरून होत नाही. त्यासाठी शाळेत आणि घरी अशा दोन्ही ठिकाणचे वागणे बराच काळ पाहावे लागते. तो झोपेत घोरतो का, तोंड उघडे ठेवून श्वास घेतो का, आणि पायांविषयी स्वतःहून काही बोलतो का, हे मात्र कृपया कळवावे.

निशिगंध

आपण सर्वांनी इतक्या आपुलकीने लिहिल्याबद्दल मनःपूर्वक आभार. तो घोरत नाही. परंतु "आई, पायात किडे चालतात, दाबून दे" असे तो पुष्कळदा म्हणतो आणि पाय चोळले की थोडा वेळ शांत होतो. दिवसा खेळताना याची तक्रार नसते. आम्ही हा झोप टाळण्याचा बहाणा समजत होतो. जेवणात तो कुरकुर करतो, मात्र दूध आवडीने पितो. दिवसभरात तीन मोठे पेले सहज होतात.

उत्तर : केवडा

पायांविषयीचे हे वाक्य बहाणा समजून सोडून देऊ नये. संध्याकाळी आणि रात्री, शरीर स्थिर असताना पायांत काहीतरी वळवळल्यासारखे वाटणे आणि हालचालीने किंवा चोळण्याने ते कमी होणे, हे अस्वस्थ पायांच्या विकाराचे नेमके वर्णन आहे. हा विकार पुष्कळदा घराण्यात चालत येतो. आपल्याला गरोदरपणात किंवा एरवी असा त्रास झाला असेल तर डॉक्टरांना अवश्य सांगावे.

लहान मुलांत यामागे शरीरातला लोहाचा साठा कमी असणे हे महत्त्वाचे कारण असते. तो साठा फेरिटिन या रक्ततपासणीतून कळतो. हिमोग्लोबिन ठीक असूनही फेरिटिन कमी असू शकते, म्हणून केवळ हिमोग्लोबिन पाहून समाधान मानू नये. अशा तक्रारीत फेरिटिन दर मिलिलिटरमागे ५० नॅनोग्रॅमपेक्षा कमी आढळल्यास डॉक्टर सहसा लोहाचे औषध सुरू करतात. ताप किंवा सर्दी असताना हा आकडा खोटा वाढलेला दिसतो, त्यामुळे मुलगा बरा असतानाच तपासणी करावी. लोहाचे औषध स्वतःच्या मनाने देऊ नये, कारण त्याचा अतिरेक मुलांसाठी घातक ठरतो.

लोहाची कमतरता हे ज्याचे एक मोठे कारण असते तो रक्तक्षय आपल्या देशात किती सार्वत्रिक आहे, हे २०१९ ते २०२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणातून दिसते : सहा महिने ते पाच वर्षे वयाच्या ६७ टक्के मुलांत रक्तक्षय आढळला होता. तीन मोठे पेले दूध या वयाला जास्त होते. दुधात लोह नगण्य असते, त्याने पोट भरते आणि अन्नातले लोह शोषण्यासही अडथळा येतो. दूध दोन लहान पेल्यांवर आणून जेवणाच्या वेळी टाळावे. मोड आलेल्या मटकीची उसळ, पालेभाजी, अळिवाचा लाडू, चालत असल्यास अंडी व मासळी द्यावी आणि वर लिंबू पिळावे किंवा पेरूची फोड द्यावी. रात्री गुदद्वाराजवळ खाज येत असल्यास जंतांविषयीही विचारावे, कारण सुतासारख्या बारीक जंतांची मादी रात्रीच बाहेर येऊन अंडी घालते आणि मूल त्यामुळेही तळमळते.

उत्तर : सोनचाफा

मी आजोबा या नात्याने एका मुद्द्यावर शुभ्रकळीताईंपेक्षा वेगळे मत मांडतो. वडील येण्यापूर्वी मुलाने झोपलेच पाहिजे, हे मला पटत नाही. ज्या मुलाला वडील दिवसभरात रात्रीच दिसतात, ते त्यांची वाट पाहत जागे राहणारच, आणि ती ओढ मोडून काढण्यासारखी नाही. उलट झोपवण्याचे काम वडिलांनीच घ्यावे. त्यांनी हातपाय धुऊन, स्वतःचे जेवण थोडे पुढे ढकलून मुलाजवळ यावे, त्याचे पाय कोमट तेलाने चोळावेत आणि हळू आवाजात रोज तीच गोष्ट सांगावी. नवी गोष्ट मुलांचे कुतूहल जागवते, तर पाठ झालेली गोष्ट त्यांना निजवते. आल्या आल्या उचलून हवेत झेलणे, गुदगुल्या करणे हा लाड सकाळसाठी ठेवावा.

निशिगंध

यजमानांनी हे सर्व वाचले असून पाय चोळण्याचे काम आजपासून ते करणार आहेत. फेरिटिनच्या तपासणीसाठी बालरोगतज्ज्ञांची वेळ घेतली आहे. पाळणाघरातल्या ताई सर्व मुलांना एकदमच झोपवतात, परंतु याला साडेतीनला उठवून चित्रे काढायला बसवण्यास त्या तयार झाल्या आहेत. रविवारी त्याला किती वाजेपर्यंत झोपू द्यावे?

पांथस्थ

साडेतीन चालेल, मग अंथरुणाची अखेरची वेळ साडेनऊऐवजी दहा धरावी. रविवारी साडेसातच्या पुढे झोपू देऊ नये आणि उठल्याबरोबर त्याला गॅलरीत किंवा खाली उन्हात न्यावे, म्हणजे सोमवारी रात्री घड्याळ पुन्हा मागे सरकवावे लागणार नाही.