मंगळ चंद्राएवढा दिसणार: हा मेसेज कौतुकाने सोडून द्यायचा की थांबवायचा?

गच्चीवरून_मालाड
परत आला तो मेसेज. ऑगस्ट लागला की येतोच, २७ तारखेला रात्री साडेबाराला आकाशात दोन चंद्र दिसणार, मंगळ चंद्राएवढा होणार, पुढची संधी थेट २२८७ साली. आमच्या बिल्डिंगच्या ग्रुपवर सकाळपासून तीनदा पडलाय. माझं म्हणणं एवढंच की कृपा करून पुढे ढकलू नका.

काय बिघडतं म्हणणाऱ्यांना सांगतो. मागच्या वर्षी आमच्या मजल्यावरची दुसरीतली मुलगी या मेसेजपायी जागी राहिली, रेनकोट घालून गच्चीत आली, भुरभुर पाऊस, वर नुसते ढग शहराच्या उजेडाने पिवळट झालेले, आणि ती सारखी विचारतेय काका दुसरा चंद्र ढगामागे आहे का. नाही गं, नसतोच तो, हे सांगताना मला फार जड गेलं. त्यानंतर आकाशातलं काही दाखवतो म्हटलं की ती म्हणायची, ते पण खोटंच असेल.

मूळ गोष्ट खरी होती हो. २७ ऑगस्ट २००३ ला मंगळ पृथ्वीपासून सुमारे ५ कोटी ५८ लाख किलोमीटरवर आलेला, जवळजवळ ६० हजार वर्षांत एवढा जवळ आला नव्हता. तेव्हाच्या ईमेलमध्ये होतं की ७५ पट मोठं दाखवणाऱ्या दुर्बिणीतून मंगळ, नुसत्या डोळ्यांना पौर्णिमेचा चंद्र दिसतो तेवढा दिसेल. फिरता फिरता दुर्बीण गळाली, साल गळालं, तारीख तेवढी राहिली.

भांडुपची_माई
पटलं नाही. त्या रात्री आमच्या चाळीतली तीसेक माणसं गच्चीत आली होती, एरवी कोजागिरी सोडली तर कोण चढतंय जिने? म्हाताऱ्यांनी लहानपणी गावाला बघितलेल्या आकाशाच्या गोष्टी सांगितल्या, चहा झाला, मंगळ नाही दिसला तर नाही दिसला. आणि तुम्ही ग्रुपवर सगळ्यांसमोर 'हे खोटं आहे' लिहिता तेव्हा पाठवणाऱ्या आजोबांना काय वाटत असेल? आमच्याकडचे आजोबा तेव्हापासून ग्रुपवर गुड मॉर्निंगसुद्धा टाकत नाहीत.

कर्जत_लोकल
माई, भावना समजली, पण मेसेज खरा असता तर काय झालं असतं ते बघा. मंगळाचा व्यास चंद्राच्या जवळजवळ दुप्पट. म्हणजे चंद्राएवढा दिसायला तो चंद्राच्या दुप्पट अंतरावर, साडेसात लाख किलोमीटरच्या आसपास यायला हवा. वस्तुमान चंद्राच्या पावणेनऊ पट, भरतीची ओढ अंतराच्या घनाने कमी होते, म्हणजे दुप्पट अंतरावर आठवा हिस्सा, हिशोब केला तर समुद्रावर त्याची ओढ चंद्राइतकी, उलट थोडी जास्तच पडते. पावसाळ्यात साडेचार मीटरच्या वरची भरती आणि धो धो पाऊस एकत्र आला की दादरच्या हिंदमाताला काय होतं ते आपण दरवर्षी बघतो, त्यात वर आणखी एका चंद्राची ओढ. असलं काही येणार असतं तर चहा घेऊन बघत बसलो नसतो.

पत्रिकेत_मंगळ
मी माईंच्या बाजूने, पण माझं कारण वेगळं आहे. मला मंगळ आहे. दोन स्थळं त्याच्यावरून मोडली, घरात मंगळ म्हटलं की आई गप्प व्हायची. २०१४ च्या २४ सप्टेंबरला मंगळयान कक्षेत पोचलं तेव्हा ऑफिसात सगळे टाळ्या वाजवत होते आणि संध्याकाळी घरी तेच, मुलाकडच्यांना पत्रिका जुळत नाही म्हणून फोन. तर हा मेसेज आला त्या रात्री आई पहिल्यांदा मंगळ 'बघायला' म्हणून खिडकीत उभी राहिली. छान दिसणार आहे म्हणे, चल. आमच्या घरात मंगळाला छान म्हणणारं दुसरं काहीही तोवर आलं नव्हतं. मेसेज खोटा होता हे मला कळतं. तरी तो पाठवणाऱ्याला मी नावं ठेवणार नाही.

गच्चीवरून_मालाड
तुमचं वाचून बराच वेळ काही सुचलं नाही. नावं मीही ठेवणार नाही, आणि आजोबांना ग्रुपवर न बोलता फोन करून सांगायला हवं होतं हेही कबूल.

पण हा मेसेज आपल्या संस्कृतीचा भाग आहे असं जे ग्रुपवर म्हणतात ना, ते अजिबात पटत नाही. माझी आजी संकष्टीला कालनिर्णयात चंद्रोदय बघायची, नऊ बावीस म्हणजे नऊ बावीस, त्याआधी ताटाला हात नाही. अंगारकीला तर विचारूच नका. वेळ चुकलेली तिला चालायची नाही, आणि तिच्या नातवंडांना मात्र साल नसलेली तारीख चालते?

त्या मुलीला यंदा मे महिन्यात, १५ तारखेला, परत गच्चीत नेलं. त्या दिवशी दुपारी मुंबईत सूर्य बरोब्बर डोक्यावर येतो, उभ्या वस्तूची सावलीच पडत नाही. डाळीचा स्टीलचा डबा उन्हात उभा ठेवला. बाराला बोटभर सावली होती, ती आखडत आखडत १२.३५ ला डब्याखाली गेली. पोरगी तापलेल्या लादीवर ओणवी होऊन चारही बाजूंनी हात फिरवून बघत होती कुठे लपलीय का. जुलै अखेरीस परत तसंच होतं पण तेव्हा मुंबईत ढग. तिने स्वतः वहीत वेळ लिहून घेतली.

भांडुपची_माई
दुपारी साडेबाराला उन्हात माझी माणसं येणार नाहीत. रात्रीचं खरं काहीतरी द्या, मी स्वतः पाठवते.

कर्जत_लोकल
१९ फेब्रुवारी २०२७. पृथ्वीच्या एका बाजूला सूर्य आणि बरोब्बर विरुद्ध बाजूला मंगळ, म्हणून सूर्यास्ताला पूर्वेला उगवणार आणि रात्रभर वर. थंडीचं आकाश, ढग नसतात. त्याच बाजूला गुरूही असेल, तो जास्त झगझगीत, तांबूस ठिपका तो मंगळ. अंतर दहा कोटी किलोमीटर, त्यामुळे ठिपकाच दिसेल. ज्यांना जमेल त्यांनी बदलापूरच्या पुढे वांगणीला या, मालाडपेक्षा आकाश कितीतरी काळं असतं.

भांडुपची_माई
ठिपका लिहिलंत तर कोण जिने चढेल?

गच्चीवरून_मालाड
ठिपका लिहायचाच, माई. तांबूस आहे हेही लिहा. आणि @पत्रिकेत_मंगळ, आमच्या गच्चीची चावी मी आधीच मागून ठेवतो, आईंना घेऊन या.