दिसलेलं, ऐकलेलं, हुंगलेलं: मेंदूच्या कारभाराचे अनुभव लिहा

डोळ्याच्या पडद्यावर जिथून दृष्टीची नस बाहेर पडते, तिथे प्रकाश टिपणाऱ्या पेशीच नसतात. ही आंधळी जागा मारियोत या फ्रेंच शास्त्रज्ञाने १६६० च्या दशकात दाखवून दिली. तरी आपल्याला समोर भोक दिसत नाही, कारण मेंदू आजूबाजूचं पाहून तेवढं भरून काढतो. तुम्हाला किंवा घरच्यांना आलेले असे अनुभव लिहा. 'लोक काय म्हणतील' म्हणून गप्प राहिलेल्यांनी तर नक्की लिहा.

नात, सातारा
आजीचा डोळ्याचा पडदा झिजला आणि समोरचं माणूस ओळखू येईना. पुढे तिला ओसरीवर फेटेवाली बुटकी माणसं दिसायला लागली, कधी भिंतभर वेलबुट्टी. आवाज कसलाच नाही. घरात दृष्ट काढून झाली. शेवटी नेत्रतज्ज्ञांनी नाव सांगितलं: शार्ल बोने सिंड्रोम. या स्विस शास्त्रज्ञाने १७६० साली आपल्या आजोबांबद्दल हेच लिहिलं होतं. त्यांची नजर गेली होती, डोकं शाबूत होतं. डोळ्यांकडून खबर येईनाशी झाली की मेंदूचा दृष्टीचा भाग आपणच चित्रं रंगवतो. डॉक्टर म्हणाले, दिसलं की दिवा लावा, नजर डावी-उजवीकडे फिरवा. आजीने एवढंच विचारलं, "म्हणजे मला वेड नाही ना लागलं?" किती दिवस ती हे एकटीच मनात घेऊन बसली होती!

पुणे
२०२१ मध्ये कोविडनंतर वास गेला, आणि परतला तो बिघडून. कांदा-लसणाची फोडणी सडल्यासारखी यायची, जेवणावरची वासनाच उडाली. लिंबू, लवंग, गुलाब, निलगिरी रोज दोनदा लक्ष देऊन हुंगायला सांगितलं होतं. हळूहळू फरक पडला. कॉफी मात्र अजून नको वाटते.

नाशिक
बाबांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं आणि त्यांना सगळे पांढरे कपडे जास्त नीळ घातल्यासारखे दिसू लागले. पिवळट झालेलं भिंग इतकी वर्षं निळा रंग अडवत होतं. काही आठवड्यांत मेंदू सरावला.

ठाणे
सातारकर ताई, माझ्या सासऱ्यांना काचबिंदू आहे. खुर्चीवर मांजर दिसतं म्हणतात आणि लगेच, "खरं नाहीये ते." आम्ही विसरभोळेपणा समजत होतो. तुम्ही मेंदूच्या डॉक्टरांनाही दाखवलंत का?

नात, सातारा
हो, दोघांनाही. दुसरं काही नाही याची खात्री करून घ्या. आणि सासऱ्यांना आजच सांगा, हे बऱ्याच जणांना होतं.